ओल्या लाकडाचं खोगीर

सोमवारी सकाळी खालच्या तश-कोरो गावचे चार घोडेस्वार अंगणात घुसले, तेव्हा रैखान भिजवलेलं बैलाचं कातडं पिळत बसली होती. फाटक उघडायची तसदी कुणी घेतली नाही. पहिल्या घोड्यानं छातीनंच ते लोटलं, बिजागरी उखडली आणि अख्खी फळी कोंबड्यांच्या खुराड्यावर जाऊन पडली. कोंबड्यांनी एकच कालवा केला.

"उस्ता कुठाय?" पुढचा ओरडला. "बाहेर काढ त्याला!"

तो एर्मेक होता. खालच्या गावचा, घोड्यावरून मेलेला बोकड पळवायच्या खेळातला नावाजलेला गडी. घोडा भरधाव असताना खाली वाकून एका हातानं अख्खं धूड उचलणारा. रैखाननं त्याला लगेच ओळखलं. त्याच्या मांडीखालचं खोगीरही तिनं लगेच ओळखलं; ते तिनंच शिवलेलं होतं.

तिचा नवरा कासिमाली, खोगिरं करणारा उस्ता, कामाच्या खोलीतून बाहेर आला. हातात लाकूड कोरायचा वाकस, दाढीत भुसा. "या, उतरा की. चहा..." एवढंच त्याच्या तोंडून निघालं. एर्मेकनं घोड्यावरूनच चाबूक ओढला. पहिला फटका खांद्यावर बसला, दुसरा तोंडावर. वाकस हातातून पडला. तो उचलायला कासिमाली खाली वाकला, तर दुसऱ्या एकानं मुद्दाम घोडा पुढं घातला आणि नालाचा पाय त्याच्या डाव्या हातावर आला. बोटं मोडल्याचा आवाज रैखानला दहा पावलांवरून ऐकू आला.

"अरे मुडद्यांनो, माणूस आहे तो!" ती धावली. एकानं घोडा आडवा घालून तिला भिंतीशी दाबून धरलं. घोड्याचा घाम तिच्या तोंडाला लागला.

"माणूस?" एर्मेक म्हणाला. "काल माझा भाऊ पडला खेळात. बाकास. चालत्या घोड्यावर ह्याच्या खोगिराची कमान मोडली. चोवीस वर्षांचं पोर! मागचे तीन घोडे त्याच्या अंगावरून गेले. कंबर, मांडी, सगळा चुरा झालाय. उभा राहिलाच तर काठीवर राहील म्हणतात. आणि हा इथं दाढीत भुसा घेऊन चहा पाजतोय!"

कासिमाली गुडघ्यावर बसला होता. ओठ फाटून रक्त दाढीत उतरत होतं. मोडलेला हात त्यानं काखेत दाबून धरला होता. पण मान काही त्यानं खाली घातली नाही.

"कुठाय ते खोगीर? दाखव मला."

"बापानं चुलीत घातलं. संताप झाला त्याला."

"मग काय मोडलं, कसं मोडलं, ते तू कशावरून सांगतोस? घोडा अंगावर लोळला की कुठलंही खोगीर मोडतं. आधी घोडा पडला का आधी खोगीर?"

"बाकास सांगतोय ना! आधी कडकन आवाज झाला म्हणून!"

"पडणाऱ्याला काय कळतं रे आधी काय आणि मग काय?" कासिमाली उठला. "तुझं खोगीर बाकासच्याच जोडीचं आहे. एकाच भूर्जाच्या खोडातनं दोन्ही निघाली. उतर खाली. उतर म्हणतो ना."

आता बघा, नुकताच ज्याला चाबकानं सोलला, त्या माणसाचा शब्द ऐकून एर्मेक खरंच खाली उतरला. त्या घरचा दबदबाच तसा होता. कासिमालीच्या आजानं पहिलं खोगीर केलं, त्याला आता साठ-सत्तर वर्षं झाली. दारावर कधी पाटी लागली नाही, आणि कायिंग-साय गावात येऊन कुणाला पत्ता विचारावा लागला नाही. तीन खिंडी ओलांडून लोक यायचे आणि दीड-दीड वर्ष थांबायचे. घरावरचा पत्रा, गोठ्यातली जनावरं, दोन्ही पोरींची लग्नं, सगळं खोगिरांवर झालं होतं.

कासिमालीनं एर्मेकच्या खोगिरावर चांगल्या हाताच्या बोटाचं पेर आपटलं. पुढच्या कमानीवर, मागच्या कमानीवर, बैठकीवर. कातडं ठणठणीत वाजलं.

"बोलतंय," तो म्हणाला. तोंडातलं रक्त त्यानं बाजूला थुंकलं. "दोन हिवाळे सुकवलेलं लाकूड आहे. शुक्रवारी आमच्या गावाबरोबर तुमचा खेळ आहे ना? ह्यावरच खेळ. सगळ्यांसमोर खेळ. मोडलं तर मी उस्ता नाही."

एर्मेकनं रिकिबीत पाय घातला.

"खेळतो. ह्यावरच खेळतो. पण मोडलं, आणि मी त्यातनं उठलो, तर परत येईन, म्हाताऱ्या. तेव्हा चाबूक नाही आणणार, कुऱ्हाड आणीन."

चौघे गेले. रैखान भिंतीला टेकून उभी होती. तिनं गवताच्या गंजीकडं पाहिलं. गंजीच्या आड तिचा धाकटा दीर मुकाश उभा होता. सगळं संपेपर्यंत तो बाहेर आला नव्हता.

*

त्या घरातली एक रीत होती. लाकूड तोडायचं पानगळ झाल्यावर, झाडातला रस खाली उतरला की. मग दोन हिवाळे ते शेणकुटाच्या ढिगाआड, वाऱ्याला, पण उन्हाला नाही, असं ठेवायचं. मग पुरुषांनी वाकसानं सांगाडा कोरायचा, सरसानं जोडायचा. त्यावर ओलं कातडं ताणून शिवायचं काम बायकांचं. तिसऱ्या दिवशी कातडं आवळलं की शिवणाऱ्या बाईनं पेरानं ठोकून बघायचं. आत लाकूड कोरडं असेल तर टणक आवाज येतो. बाईनं म्हणायचं, "बोलतंय." मगच ठसा तापवायचा आणि घराची खूण मागच्या कमानीवर डागायची. कातड्याखाली काय आहे हे नंतर कुणाच्या बापाला दिसत नाही. म्हणून तो एक शब्द त्या घरात फार जपलेला होता. रैखानला तो सासूनं दिला, मरायच्या आदल्या वर्षी.

गेल्या वैशाखात कासिमाली दवाखान्यात होता. यकृतात पाण्याची गाठ झाली होती, पोट फाडावं लागलं. सात आठवडे तो तिकडं पडून होता. इकडं बाकास आणि एर्मेकच्या जोडीचा वायदा झालेला, जनावरं उन्हाळी कुरणाकडं वर चढायच्या आत द्यायची म्हणून. कोरडं लाकूड तो तिकडं असतानाच संपलेलं. मुकाशनं फाल्गुनात तोडलेलं, रस चढलेलं भूर्ज काढलं, भाकरीच्या तंदुराच्या कडेला महिनाभर भाजलं आणि कोरलं.

रैखाननं कातडं शिवलं. तिसऱ्या दिवशी ठोकून बघितलं. आवाज आला भद्द.

"वहिनी, म्हण की," मुकाश म्हणाला होता. तोंड एवढंसं झालेलं. "दादा आला आणि वायदा मोडला असं कळलं तर मला जिता ठेवणार नाही. वर्षभरात आतनं वाळेल ते आपोआप. म्हण की गं."

आई मेली तेव्हा मुकाश नऊ वर्षांचा होता. रैखाननंच त्याच्या डोक्यातल्या उवा काढल्या, त्याला घोड्यावर बसवलं, त्याचं लग्न लावलं आणि ती बाई निघून गेली तेव्हा त्याला जेवायला घातलं. त्याला नाही म्हणणं तिला कधी जमलंच नव्हतं.

"बोलतंय," ती म्हणाली होती.

*

मंगळवारी तिनं कातड्याचे केस खरवडायला घेतले. कासिमालीच्या तीन बोटांना तिनं भूर्जाच्या सालीच्या पट्ट्या बांधल्या होत्या. दवाखान्यात जा म्हटलं तर तो म्हणाला, शुक्रवार झाल्यावर जाईन. एका हातानं वाकस चालत नव्हता, म्हणून तो नुसताच खोलीत बसून रंधा पुसत होता. पुसलेला पुन्हा पुसत होता.

मुकाश पाण्याच्या बादल्या घेऊन आला. रैखाननं हात थांबवले नाहीत.

"जा आणि त्याला सांग," ती म्हणाली.

"कुणाला?"

"एर्मेकला. नाही तर दादाला. दोघांपैकी कुणाला तरी सांग, भावजी, पण आज सांग."

"वहिनी, डोकं फिरलंय का तुझं? दादाच्या बोटांचं काय केलं बघितलंस ना? मला तर ते उभा चिरतील."

"बाकासला चिरलंच की तू."

"मी काय मुद्दाम केलं?" त्यानं बादली आपटली, अर्धं पाणी तिच्या पायावर आलं. "आणि मोडेलच कशावरून? एक मोडलं म्हणून दुसरं मोडतंच असं आहे का? वाळलंही असेल आतनं. दादानं स्वतः ठोकून बघितलं, वाजलं ना? मग?"

"कातडं वाजलं. उन्हाळाभर उन्हात तापलंय ते, वाजणारच. आतलं लाकूड कातड्यात बंद आहे, कुठनं वाळेल? कुजतंय ते. तुला माहीत आहे, मला माहीत आहे."

"तूच म्हणालीस बोलतंय म्हणून."

रैखान उठली आणि तिनं त्याच्या थोबाडीत मारली. खरवडलेल्या केसांनी आणि चरबीनं माखलेला हात होता, त्याच्या गालावर सगळं चिकटलं. मोठा बाप्या, पस्तिशीचा, तिथंच उभ्या उभ्या रडायला लागला. तिला त्याची कीव आली आणि त्याहून जास्त किळस आली. ती पुन्हा खाली बसून खरवडायला लागली.

*

बुधवारी तिनं नवऱ्याला सांगितलं. दुपारची वेळ होती. मांसाचा रस्सा त्याच्यासमोर ठेवला, भाकरी तुकडे करून दिली, कारण एका हातानं त्याला मोडता येत नव्हती. मग ती उभी राहूनच बोलली. सगळं बोलली. तंदूर, भूर्ज, भद्द आवाज, आणि आपला शब्द.

कासिमालीनं चमचा खाली ठेवला. तोंडातला घास चावून गिळला. मग तो बाहेर गेला.

मुकाश अंगणात मोडकं फाटक बसवत होता. कासिमालीनं लाकडी मोगरी उचलली, सांगाडा ठोकायची, आणि भावाच्या पाठीत घातली. मुकाश तोंडावर पडला. दुसरा घाव बरगडीत. तिसरा घाव पडला तेव्हा मुकाश अंगाची गुंडाळी करून ओरडत होता, "दादा! दादा, नको! दादा!" पोटावरचा टाका कासिमालीला ओढत होता, दर घावाला तो कण्हत होता, तरी हात थांबत नव्हता.

रैखान मध्ये पडली. मोगरी तिच्या कोपराला लागली आणि हात बधिर झाला.

"मी बोलले होते तो शब्द! मला मार की मग! त्यानं कोरलं, पण मी बोलले!"

कासिमालीनं तिच्याकडं पाहिलं. मोगरी त्याच्या हातातनं गळून पडली. तो ओंडक्यावर बसला, धापा टाकत. मुकाश पडल्या जागी हुंदके देत होता.

"अहो," ती म्हणाली, "त्याला निरोप पाठवू. आज पाठवू."

"काय निरोप पाठवू?" तो हळू आवाजात म्हणाला. "कासिमालीच्या घरात बायको खोटं बोलते, भाऊ ओलं लाकूड घालतो, आणि कासिमाली चार लोकांत रक्त थुंकून त्याच्यावर शपथ घेतो, असा? उद्यापासनं ह्या दारात कुत्रं तरी येईल का?"

"तो मरेल."

"मरेल का वाचेल, कुणास ठाऊक. खोगीर एका खेळात मोडतंच असं नाही." तिच्याकडं न बघता तो बोलत होता. "शुक्रवार जाऊ दे. मग मी स्वतः जाऊन ते परत घेईन, काहीतरी कारण काढीन, दुसरं देईन. एक दिवस फक्त गप्प बसा दोघं. एक दिवस!"

तीस वर्षं ह्या माणसाच्या बरोबर रैखाननं काढली होती. खोट्या टाक्यासाठी त्यानं तिला पूर्ण शिवलेलं कातडं उसवायला लावलं होतं, तेही तीनदा. आणि आता तोच म्हणतोय, गप्प बस. मुकाश जे म्हणाला तेच हा म्हणतोय, जवळजवळ त्याच शब्दांत.

"मला नाही जमायचं," ती म्हणाली.

तो उठला. चांगल्या हातानं तिचा दंड धरून त्यानं तिला कातड्याच्या कोठीत ढकललं आणि बाहेरनं कडी घातली. तीस वर्षांत त्यानं तिच्यावर पहिल्यांदा हात टाकला. कोठीत खारवलेल्या कातड्यांचा वास कोंदला होता. रैखान कातड्यांच्या चळतीवर बसली; आधी तिनं शिव्या दिल्या, मग ती रडली. संध्याकाळी त्यानं कडी काढली. गुरुवारी दिवसभर तो फाटकाशीच बसून राहिला, तिला बाहेर जाऊ दिलं नाही.

*

शुक्रवारी ती घरच्या कपड्यांतच निघाली. डोक्याला रुमाल, कमरेला कातडं कापायची रापी. कासिमाली नमाजाला गेला होता. मुकाश बरगड्या धरून पडलेला होता, त्यानं तिला जाताना पाहिलं आणि भिंतीकडं तोंड फिरवलं.

मैदान दोन गावांच्या मध्ये, नदीच्या काठी. धूळ आधीच उठलेली. आपल्या गावचे लोक या बाजूला, तश-कोरोचे त्या बाजूला, मध्ये मुंडकं छाटलेला बोकड पडलेला, पोत्यासारखा जड. घोडे फुरफुरत होते. एर्मेक घोडा गरम करत होता, दौडत जायचा आणि एका झटक्यात वळवायचा. दर वळणाला त्याच्या सगळ्या अंगाचा भार पुढच्या कमानीवर येत होता. रैखानला तो भार स्वतःच्या दातांत जाणवत होता.

ती सरळ मैदानात शिरली. बाई मैदानात शिरलेली कुणी बघितली नव्हती. लोक हसायला लागले. तिनं एर्मेकच्या घोड्याचा लगाम धरला.

"उतर खाली."

"काय?"

"खोगीर ओलं आहे आतनं. मी खोटं बोलले होते. कासिमालीला माहीत नव्हतं तेव्हा. उतर, एर्मेक."

एर्मेकनं आधी तिच्याकडं पाहिलं, मग तिच्या मागं उभ्या असलेल्या कायिंग-सायच्या खेळाडूंकडं. आणि तो हसला.

"हां! म्हणजे असं आहे होय! खेळाच्या तोंडावर मला खाली उतरवायचं, दुसऱ्या घोड्यावर नाही तर उसन्या खोगिरावर खेळवायचं! डोकं चांगलं चालवलंत. कुणी पाठवली गं तुला?"

"कुणी नाही पाठवली. तुझ्या आईची शपथ..."

"माझ्या आईचं नाव घेऊ नको! एक पोरगा दवाखान्यात टाकलाय तुम्ही तिचा!"

चाबूक तिच्या तोंडावर बसला. डोळ्यापुढं काजवे चमकले. तिच्या गावचेही ओरडायला लागले होते, "ए बाई, सोड! लाज घालवलीस गावाची!" कुणीतरी तिचा रुमाल मागनं ओढला, केस सुटले. एर्मेकनं टाच मारली. घोडा उसळला. रैखाननं रिकिबीचा पट्टा धरला आणि सोडला नाही. घोड्यानं तिला पंधरा-वीस पावलं फरफटत नेलं, गुडघे दगडांवर सोलले. दुसरा फटका मानेवर बसला, तिसरा हातावर. तिनं दुसऱ्या हातानं कमरेची रापी उपसली आणि घोड्याच्या पोटाखालचा तंग कापला. एका घावात. रोज कातडं कापणारा हात होता तो.

खोगीर एर्मेकसकट घसरलं. तो खांद्यावर पडला आणि तिच्या अंगावर आला. उठला तो सरळ लाथा घालायला लागला. पोटात, बरगडीत. "रांडे! बाई म्हणून सोडीन असं वाटलं तुला?" रैखाननं खोगीर छातीशी आवळून धरलं होतं. लाथा तिच्या पाठीवर पडत होत्या आणि ती मोठमोठ्यानं ओरडत होती, "फोडा हे! कुणीतरी फोडा!"

तेवढ्यात लोक दोन्हीकडं सरले. कासिमाली पळत येत होता. एवढ्या वयाचा माणूस, पोट फाडलेला, एका हाताला पट्ट्या आणि दुसऱ्या हातात कुऱ्हाड. मशिदीत त्याला कुणी सांगितलं, तो घरी गेला का नाही, कुऱ्हाड कुणाची, काही कळलं नाही. एर्मेक एक पाऊल मागं सरला. लोकांना वाटलं, आता इथं मुडदा पडणार.

कासिमालीनं एर्मेककडं बघितलंसुद्धा नाही. "सोड," तो बायकोला म्हणाला. तिनं खोगीर सोडलं. त्यानं एका हातानं कुऱ्हाड वर नेली आणि मागच्या कमानीवर, बरोबर स्वतःच्या घराच्या खुणेवर घातली.

कातडं फाटलं. आत लाकूड ओलं होतं. पांढरट, आणि कडेला काळी बुरशी धरलेलं. आंबूस वास सुटला. दुसरा घाव त्यानं पुढच्या कमानीवर घातला. ती आधीच आतनं चिरलेली होती, बोटभर उभी चीर, कातड्याखाली झाकलेली. बघणाऱ्याला कळायला काही शिकलेलं असावं लागत नव्हतं. दोन दौडींत ती सुटली असती.

एर्मेक खाली बसला आणि त्या चिरेत बोट घालून बघायला लागला. बोटाला ओल लागली. त्यानं ते बोट पुन्हा पुन्हा विजारीला पुसलं.

"परवापासनं मला माहीत होतं," कासिमाली सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाला. "मी गप्प बसलो. ही नाही बसली."

मग तश-कोरोचे त्याच्यावर तुटून पडले. बाकासचे चुलते, मावसभाऊ, सगळे. रैखाननं डोकं झाकून घेतलं. आणि त्या गलक्यात तिला मुकाशचा आवाज आला. तो घोड्यावर आडवा पडून आला होता, बरगड्या मोडलेला, आणि ओरडत होता, "लाकूड माझं! दादाला सोडा, लाकूड माझं होतं!" त्यांनी त्याला घोड्यावरनं ओढला. त्याचे समोरचे दात गेले, कानाची पाळी फाटली, नदीच्या गोट्यांवर त्याला उताणा पाडून एकानं त्याच्या छातीवर गुडघा दिला. दोन्ही गावं ज्यांचा शब्द मानायची, त्या म्हाताऱ्या अब्दिश आजोबांनी स्वतःची घोडी त्या घोळक्यात घातली नसती, तर मुकाश तिथंच संपला असता. गंमत म्हणजे आजोबांच्या आधी त्याच्या छातीवरच्या माणसाला मागं ओढलं ते एर्मेकनं.

खेळ झाला नाही. बोकड तसाच पडून राहिला, कुत्र्यांनी खाल्ला.

निवाडा अब्दिश आजोबांच्या घरी झाला. दोन्ही गावचे म्हातारे बसले. घोडी द्या, मेंढ्या द्या, असं बोलणं निघालं, पण बाकासचा बाप म्हणाला, मला जनावर नको, माझा पोरगा घोड्यावर बसलेला हवा. त्यावर आजोबा दाढी चोळत म्हणाले, मग तेच होईल. बाकास घोड्यावर बसेपर्यंत ह्या घरानं दुसऱ्या कुणासाठी खोगीर करायचं नाही.

*

हिवाळा त्या घरानं कसा काढला ते त्यांचं त्यांना माहीत. गिऱ्हाईकं येत आणि परत जात. काही जण शेजारच्या जिल्ह्यातल्या उस्ताकडं गेले. कासिमालीची तीन बोटं आत वळून बसली, वाकस धरता येईना. शेणकुटाच्या मागं रैखानच्या सासऱ्यानं तोडून ठेवलेला भूर्जाचा एक जुना ओंडका होता, कासिमालीच्या नातवासाठी म्हणून राखलेला. तो कासिमालीनं काढला. कोरलं मुकाशनं. कासिमाली शेजारी बसून शिव्या घालायचा, "अर्धा केस! अर्धा केस काढ म्हटलं, बोटभर नाही, गाढवा!" आणि मुकाश बिनदातांच्या तोंडानं "हो दादा" म्हणायचा. बाकासचं माप घ्यायला मुकाश तीनदा तश-कोरोला चालत गेला. दोनदा त्यांनी कुत्री सोडली. तिसऱ्यांदा एर्मेक स्वतः दाराशी आला आणि म्हणाला, "ये आत." बाकासची उजवी मांडी आखडलेली, कंबर एका बाजूला कललेली. म्हणून बैठक उजवीकडं उंच करावी लागली, मागची कमान वितभर वर न्यावी लागली. असं खोगीर त्या घरात कुणी केलं नव्हतं. तीन सांगाडे मुकाशनं स्वतःच फोडून टाकले. चौथ्यावर रैखाननं कातडं चढवलं.

वैशाखात एर्मेक भावाला ट्रकमधून घेऊन आला. बाकास वाळला होता. काठीवर टेकून तो अंगणात उभा राहिला आणि कुणाच्या सलामाला त्यानं उत्तर दिलं नाही. खोगीर करड्या घोडीवर कसलेलं होतं. एर्मेकनं आणि कासिमालीनं त्याला उचलला. पाय पलीकडं टाकताना तो असा किंचाळला की कुरणातली मेंढरं बिथरली. त्यानं सगळ्यांच्या आया-बहिणी काढल्या, एर्मेकच्याही, म्हणजे स्वतःच्याच. घामानं त्याचा सदरा भिजला. मग त्यानं लगाम हातात घेतला.

घोडी चालली. आधी पाऊल पाऊल, मग दुडकी. अंगणाला एक फेरी, दुसरी फेरी. रैखान उंबऱ्यात उभी होती आणि तिचं सगळं लक्ष त्याच्या कमरेकडं होतं. दुसऱ्या फेरीच्या शेवटी बाकासनं घोडी मुकाशच्या अंगावर घातली, चाबूक वर नेला आणि अंगातला होता नव्हता तेवढा जोर लावून त्याच्या तोंडावर ओढला. कपाळापासनं हनुवटीपर्यंत कातडी फाटली. मुकाशनं हात वर केला नाही. तो मागं भिंतीवर जाऊन आदळला आणि उभाच राहिला. कुणी मध्ये पडलं नाही. एर्मेकसुद्धा नाही.

बाकासनं त्याच दमात घोडी गर्रकन वळवली, फाटकातनं बाहेर काढली आणि नदीच्या वाटेनं भरधाव सोडली.

रैखान पाण्याची बादली घेऊन धावली. मुकाशनं दोन्ही हातांनी तोंड झाकलं होतं, बोटांमधनं रक्त कोपरापर्यंत ओघळत होतं.

"वहिनी," तो म्हणाला, "मला काही दिसत नाहीये. वळताना खोगीर सरकलं का?"

"नाही," रैखान म्हणाली. "जागचं हललं नाही."